ऐकणारा चेहरा

जया भादुरीचा उल्लेख आमच्या घरात कायम एकेरी झाला. ‘जयाजी’ मुंबईवाल्यांनी म्हणावं. भोपाळच्या सरकारी क्वार्टरांमध्ये ती भादुरींची मुलगी होती, आणि गावच्या मुलीला अहो-जाहो करण्याची आमच्याकडे रीत नव्हती. मी इथेही तिला ‘ती’च म्हणणार आहे. तिच्याबद्दलचा सगळा आदर त्या एकेरीत मावतो.

भोपाळ आमचं कसं झालं, हे आधी सांगायला हवं. १ नोव्हेंबर १९५६ ला राज्यांची पुनर्रचना झाली. जुन्या मध्य प्रदेशाची नागपूरची राजधानी मोडली आणि नव्या राज्याचा कारभार भोपाळला आला. फायलींच्या मागून कारकून आले आणि कारकुनांच्या मागून त्यांचे संसार. माझे बाबा त्यातलेच. येवल्यात जन्मलेल्या तात्या टोप्यांच्या नावाने इथे वसाहत झाली आणि त्या टी. टी. नगरातल्या कितीतरी अंगणांत मराठी तुळशीवृंदावनं उभी राहिली. शेजारी बंगाली, पलीकडे मल्याळी, त्याच्या पलीकडे बुंदेलखंडातून आलेले कुणीतरी. तलावाच्या त्या अंगाला बेगमांचं जुनं शहर होतं. १८१९ ते १९२६ या काळात बहुतेक वर्षं तिथे बायकांनीच राज्य केलं होतं, त्यामुळे कर्तृत्ववान बाईचं नवल वाटून घ्यायची सवय त्या शहराला नव्हती. नव्या भोपाळात मात्र सगळेच नवखे. प्रत्येक जण दुसऱ्याची भाषा कान देऊन ऐकत होता, कारण ऐकल्याशिवाय भाजीसुद्धा मिळत नव्हती.

अशा गावात तरुणकुमार भादुरी ‘स्टेट्समन’चे प्रतिनिधी होते. त्यांची थोरली मुलगी जया. जन्म जबलपूरचा, ९ एप्रिल १९४८ चा. शाळा भोपाळची, सेंट जोसेफ कॉन्व्हेंट. भादुरी चंबळच्या खोऱ्यात हिंडले, तिथल्या डाकूंच्या, त्यांनी लुटलेल्यांच्या आणि पाठलाग करणाऱ्यांच्या कहाण्या त्यांनी गोळा केल्या आणि बंगालीत ‘अभिशप्त चंबल’ हे पुस्तक लिहिलं. बातमीदाराचं अर्धं काम विचारण्याचं असतं, पण त्याहून मोठं काम गप्प बसून ऐकण्याचं. समोरचा माणूस खोटं कुठे बोलला, कुठे अडखळला, कुठे त्याला पुढे बोलवेना, हे सगळं चेहऱ्यावर काही न आणता टिपून घ्यायचं. तिच्या अभिनयाचा विचार करताना मला नेहमी तिच्या वडिलांचा हा व्यवसाय आठवतो. हिंदी पडद्यावर सुंदर बोलणाऱ्या नट्या खूप झाल्या. समोरचा बोलत असताना जिचा चेहरा पाहत राहावं, अशी माझ्या पिढीला पहिल्यांदा ती दिसली.

सत्यजित राय यांनी तिला ‘महानगर’मध्ये घेतलं, तेव्हा ती शाळकरी होती. चित्रपट १९६३ चा. कलकत्त्यातलं ओढगस्तीचं घर, घरातली सून आरती नोकरीला लागते, विणकामाची यंत्रं घरोघरी जाऊन विकते आणि घर ढवळून निघतं. माधवी मुखर्जींचा चित्रपट आहे तो. आमची जया त्यात नणंद झाली आहे, बाणी नावाची. भूमिका लहान. शिकून शेवटी वहिनीसारखं स्वयंपाकघरातच जायचं ना, अशा अर्थाची थट्टा भाऊ करतो आणि ही पोर ऐकून घेते. मोठी माणसं बोलतात, भांडतात, रुसतात आणि दाराशी, खाटेच्या कडेला, पुस्तकामागे बाणीचे दोन डोळे सगळं पाहत असतात. राय यांच्या कॅमेऱ्याला त्या घराचा साक्षीदार हवा होता, असं तो चित्रपट पुन्हा पाहताना मला वाटतं. पुढच्या आयुष्यात आपणही हे करू शकतो, हे त्या मुलीला तिथेच कळलं असणार.

मग पुणे. इथून पुढे आम्हा मराठी माणसांना तिच्यावर थोडा हक्क सांगता येतो. लॉ कॉलेज रस्त्यावर जिथे ‘प्रभात’चा स्टुडिओ होता, त्याच आवारात १९६० साली फिल्म इन्स्टिट्यूट सुरू झाली. तिथला अभिनयाचा अभ्यासक्रम रोशन तनेजा यांच्या हाताखाली चाले. अभिनय ही शिकण्याची गोष्ट आहे, हे त्या काळी आपल्याकडे पुष्कळांना पटत नव्हतं. चेहरा असला की झालं, असा समज होता. भोपाळहून एक चणीने लहान, सावळी, ठसठशीत डोळ्यांची मुलगी तिथे आली, दोन वर्षं घासून शिकली आणि सुवर्णपदक घेऊन बाहेर पडली. तिच्याच वर्गात सिक्कीमचा एक तरुण होता. त्याचं मोठं नाव कुणाला धड उच्चारता येईना, तेव्हा हिने त्याला ‘डॅनी’ म्हण म्हणून सुचवलं आणि तेच नाव पुढे साऱ्या देशाने घेतलं. तिच्या ‘सुमन’ या छोट्या चित्रपटाची गोष्ट मला याहून मोलाची वाटते. तो पाहून शबाना आझमी भारावून गेल्या आणि अशा अभिनयापर्यंत जाता येत असेल तर आपणही तिथेच शिकायला जायचं, असं त्यांनी ठरवलं. हे शबानांनीच मोकळेपणाने सांगितलं आहे. एका मुलीच्या शिकण्यातून दुसरीची वाट निघाली आणि तीही केवढी वाट!

‘गुड्डी’ १९७१ साली आला. हृषीकेश मुखर्जींचा चित्रपट, कथा-पटकथा गुलजारांची. संगीत वसंत देसाईंचं. कोकणातला हा मुलगा तरुणपणी ‘प्रभात’मध्ये उमेदवारी करत होता. पडेल ते काम करायचं आणि गाणंही शिकायचं, असे त्याचे दिवस होते. चाळीसएक वर्षांनी ‘प्रभात’च्याच आवारात शिकून आलेल्या मुलीच्या पहिल्या मोठ्या हिंदी चित्रपटाला त्याने सूर दिले. त्यातली शाळेची प्रार्थना वाणी जयराम यांनी गायली आणि ती पडद्यावरून थेट खऱ्या शाळांत गेली. भोपाळच्या कितीतरी शाळांच्या पटांगणांवर ती आम्ही म्हटली आहे. डोळे मिटून म्हणायची असताना निम्म्या मुली डोळे किलकिले करत, कारण पडद्यावरची गुड्डीही प्रार्थनेला उशिरा येऊन चोरासारखी रांगेत शिरली होती.

गुड्डीला धर्मेंद्र आवडतो. नुसता आवडत नाही, तिने मनाने त्याला वरलंच आहे. मग मामा आणि खुद्द धर्मेंद्र मिळून तिला चित्रपटसृष्टीच्या आतल्या बाजूला नेतात. मारामारी करणारा डुप्लिकेट, घामाघूम कामगार, ओस पडलेला स्टुडिओ, सगळं दाखवतात. विषय एवढाच. पण ते सगळं तिला दाखवलं जात असताना हृषीदांचा कॅमेरा पुन्हा पुन्हा तिच्यावर येतो. बिमल रॉय यांनी जिथे चित्रपट केले ती उजाड जागा पाहताना धर्मेंद्र बोलतो आहे आणि गुड्डी ऐकते आहे. एक पोरगी तिथे डोळ्यांदेखत मोठी होते. संवाद धर्मेंद्रचा, प्रसंग तिचा. तेविशीतली नटी चौदा-पंधरा वर्षांची मुलगी करते आहे, हे त्या वेळी आमच्या कुणाच्या लक्षातही आलं नाही. आम्हाला आमच्याच वर्गातली कुणीतरी तिथे पोहोचल्यासारखं वाटत होतं. तोवर पडद्यावरच्या नायिका आमच्या नव्हत्या. त्यांचे केस, त्यांच्या भुवया, त्यांची घरं, त्यांचं रडणंसुद्धा दुसऱ्याच जगातलं होतं. हिच्या दोन वेण्या आणि बोलताना मध्येच धाप लागणं आमचं होतं. माझ्या आईने चित्रपट पाहून आल्यावर बाबांना सांगितलं, “अहो, भादुरींची मुलगी चांगली निघाली हो.” जणू तिचा बारावीचा निकाल लागला होता.

त्यानंतरच्या दोन वर्षांत तिने केलेलं काम मोजायला बसलं तर दमायला होतं. ‘उपहार’ रवींद्रनाथ ठाकुरांच्या ‘समाप्ती’ कथेवरचा, आणि त्यातली झाडावर चढणारी, सासर म्हणजे काय ते न कळलेली मुलगी अशी की त्या वर्षी फिल्मफेअरने तिला खास पुरस्कार दिला. मग ‘बावर्ची’, ‘परिचय’, ‘जवानी दीवानी’. ‘पिया का घर’ मराठी वाचकांना वेगळ्या कारणाने जवळचा वाटेल. राजा ठाकूर यांच्या ‘मुंबईचा जावई’चा तो हिंदी अवतार. मराठीत गदिमांची गाणी आणि बाबूजींचं संगीत होतं. हिंदीत बासू चटर्जींनी तीच चाळ, तीच अपुरी खोली आणि एकांतासाठी तळमळणारं तेच नवं जोडपं घेतलं. मोकळ्या घरातून आलेली मालती चाळीच्या खोलीत पाऊल टाकते, तेव्हा ती नजरेनेच भिंती मोजते. गिरगावातली माझी मावशी तो चित्रपट पाहून म्हणाली होती, “हिला कुणी सांगितलं गं, आम्ही पहिल्या दिवशी असंच बघितलं होतं ते?”

‘कोशिश’ही त्याच वर्षातला, १९७२ चा. यापाशी मला जरा थांबायचं आहे.

हरिचरण आणि आरती दोघं मूकबधिर. संजीवकुमार आणि ती. संवाद लिहिण्यात हातखंडा असलेल्या गुलजारांनी दोन मुख्य पात्रांना शब्दच दिले नाहीत. इथवर मी जे ‘ऐकणं’ म्हणते आहे, ते या चित्रपटात तिच्याकडून काढून घेतलेलं आहे. कानच नाहीत. मग ती काय करते? संबंध अंगाने ऐकते. समोरच्याचे ओठ, त्याचे हात, त्याच्या कपाळावरची आठी, दाराच्या फटीतून आलेला उजेड, या सगळ्याकडे ती अशी लागलेली असते की आपल्याला स्वतःच्या कानांची लाज वाटावी. पहिलं मूल रात्री पावसात रांगत बाहेर जातं. आईबापांना ऐकूच येत नाही. ते मूल जातं. दुसरं होतं तेव्हा दोघं त्याच्या कानाशी खुळखुळा वाजवून पाहतात आणि बाळ मान वळवत नाही. त्या क्षणी तिच्या चेहऱ्यावर जे होतं ते लिहून दाखवण्याची माझ्यात ताकद नाही. पुढे डॉक्टरांकडे उलगडा होतो, की त्या खुळखुळ्यात दाणेच नव्हते. बाळ ठणठणीत आहे, त्याला ऐकू येतं. ते समजल्यावरचं तिचं हसू आधीच्या भीतीतून सुटून येताना दिसतं, भीतीचा काही अंश ओठांवर राहूनच जातो. संजीवकुमारांना या भूमिकेसाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, गुलजारांना पटकथेसाठी. दोघांचे योग्यच होते. आरतीलाही मिळायला हवा होता, असं मी इतक्या वर्षांनी ठामपणे म्हणते.

संजीवकुमारांशी तिची जोडी हा एक वेगळाच अभ्यास आहे. ‘परिचय’मध्ये ते तिचे वडील, त्याच वर्षी ‘कोशिश’मध्ये नवरा, ‘अनामिका’त प्रियकर, ‘शोले’त सासरे. पाहणाऱ्याला एकदाही खटकत नाही. कुणाकडे पाहताना पापणी किती उचलायची, याचा हिशोब तिच्याकडे दरवेळी नवा असे.

‘अभिमान’ १९७३ चा. त्याच वर्षी मे महिन्यात ‘जंजीर’ आला होता. त्यात ही रस्त्यावर सुऱ्या-कात्र्यांना धार लावणारी माला होती. ३ जूनला तिचं अमिताभ बच्चन यांच्याशी लग्न झालं आणि मग ‘अभिमान’ लागला. नवरा-बायको दोघं गायक. नवरा सुबीर नामवंत, बायको उमा खेडेगावातली, पण गळ्याने नवऱ्याहून सरस. त्याला ते सोसत नाही. कथा सरळ आहे आणि आपल्याकडच्या कितीतरी घरांत ती गाण्यावाचून घडलेली आहे. पहाटे देवळात उमा शिवस्तोत्र म्हणते, तो आवाज अनुराधा पौडवाल यांचा, त्यांचं चित्रपटातलं पहिलं गायन. उमाची बाकी गाणी लताबाईंची. आणि सुबीरची ती मायाळू मावशी म्हणजे दुर्गा खोटे, ‘अयोध्येचा राजा’तल्या तारामती. इतकी आपली माणसं त्या एका चित्रपटात दाटीने बसली आहेत.

नवऱ्यापेक्षा बायकोला जास्त मान मिळतो, ते उमाला आधी कळतं आणि नवऱ्याला नंतर. हे मधलं अंतर तिने ज्या तऱ्हेने भरलं आहे, त्यासाठी मी हा चित्रपट पुन्हा पुन्हा पाहते. टाळ्या तिच्यासाठी वाजत असतात आणि ती आधी त्याच्याकडे पाहते. त्याचं हसू खरं आहे का, हे ती तपासते. आपल्या यशाची खबर दुसऱ्याच्या चेहऱ्यावरून घ्यायची ही बायकांची जुनी सवय तिने कुठलाही संवाद न घेता मांडली. पुढे उमा गाणं सोडते. मूल जातं आणि वाचाही जाते. ती भिंतीशी बसून राहते, डोळे उघडे आणि आत कुणी नाही. शेवटी भरल्या सभेत सुबीर गातो आणि ती ऐकता ऐकता फुटून रडते, मग गाते. त्या वर्षीचा फिल्मफेअर पुरस्कार तिला आणि ‘बॉबी’च्या डिंपल कपाडियाला विभागून मिळाला. पुढच्याच वर्षी ‘कोरा कागज’साठी तो एकटीला मिळाला.

आता ‘शोले’. सारा देश ‘शोले’कडे गब्बर, वीरू, बसंती यांच्यासाठी जातो. मी भोपाळसाठी जाते.

‘शोले’त भोपाळ किती दडलं आहे, ते एकदा नीट पाहावं. पटकथा सलीम-जावेद यांची. त्यातले जावेद अख्तर भोपाळच्या सैफिया कॉलेजात शिकलेले. आमच्या जुन्या शहरात रात्री पटियांवर बसून मारलेल्या गप्पांची, ‘को खां’ म्हणत रंगवलेल्या बढायांची भाषा त्यांच्या कानात होती. ती त्यांनी सूरमा भोपालीच्या तोंडी घातली आणि जगदीपनी ती अजरामर केली. हे सगळ्यांना दिसणारं भोपाळ. न दिसणारं भोपाळ गब्बरमध्ये आहे. चंबळमध्ये गब्बर सिंग नावाचा खराखुरा डाकू होता, १९५९ मध्ये तो पोलिसांच्या चकमकीत मारला गेला. अमजद खान यांनी भूमिकेची तयारी करताना चंबळच्या डाकूंवरचं जे पुस्तक वाचलं, ते ‘अभिशप्त चंबल’. म्हणजे वडिलांनी भोपाळच्या घरी बसून लिहिलेल्या पानांतून ज्या दरोडेखोराला बळ मिळालं, त्यानेच पडद्यावर मुलीच्या कपाळाचं कुंकू पुसलं. ठाकूरच्या घराचा संहार होतो तेव्हा त्याची सून राधा देवळात गेलेली असते, म्हणून वाचते. परत येते ती पांढऱ्या वस्त्रांत शिल्लक राहिलेल्या आयुष्यात.

राधाला बोलायला जवळजवळ काही नाही. एवढ्या बोलक्या चित्रपटात, जिथे घोड्यालासुद्धा संवाद ऐकावे लागतात, तिथे ती गप्प आहे. आणि तिचं गप्प असणं काय होतं हे आपल्याला कळावं म्हणून मध्येच घरचा नोकर रामलाल तिचं आधीचं रूप सांगतो. होळीचे दिवस, रंगांत न्हालेली, तोंडाला क्षणभर विसावा नसलेली राधा. तीच गुड्डी. चार वर्षांपूर्वी आम्ही जिच्यावर जीव टाकला होता तीच बडबडी मुलगी, एवढ्या थोड्या वेळात परत येते आणि लगेच पुसली जाते. रमेश सिप्पींनी ते ठरवून केलं का, मला माहीत नाही. भोपाळच्या टॉकीजमध्ये मात्र त्या प्रसंगाला आमच्या रांगेतल्या बायकांनी पदर डोळ्यांना लावले होते.

संध्याकाळ. हवेलीच्या सज्ज्यात राधा एकेक दिवा मालवत जाते. खाली, अंगणापलीकडे जय बाजा वाजवत बसलेला. एवढंच. छायालेखक द्वारका दिवेचा यांना सूर्य मावळल्यानंतरचा नेमका तो उजेड हवा होता आणि तो दिवसातून काही मिनिटंच मिळतो. त्यामुळे हे इवलेसे प्रसंग कित्येक संध्याकाळी थोडे थोडे करून चित्रित केले. तिला त्या दिवसांत मूल होणार होतं. पोटातलं बाळ झाकायचं, विधवेचं रितेपण दाखवायचं आणि रोज संध्याकाळी तोच भाव पुन्हा तसाच जागवायचा, कालच्या तुकड्याला आजचा तुकडा जुळला पाहिजे. अभिनयाची परीक्षा याहून कठीण काय असते? संकलन माधवराव शिंदे यांचं. सबंध ‘शोले’ला फिल्मफेअरचा एकच पुरस्कार मिळाला आणि तो या मराठी संकलकाला. राधाचा चेहरा नेमका किती वेळ पडद्यावर ठेवायचा, हे ज्याला कळलं त्याला तो मिळाला याचं मला समाधान आहे.

तिच्या वडिलांचं काम करणाऱ्या इफ्तेखार यांच्याकडे ठाकूर राधाच्या पुनर्विवाहाची गोष्ट काढतो. १९७५ च्या गल्लाभरू चित्रपटात विधवेच्या लग्नाचा विषय किती अलगद येतो! कर्व्यांच्या आणि आगरकरांच्या गोष्टी ऐकत वाढलेल्या आमच्या घरात त्यावर रात्री उशिरापर्यंत बोलणं झालं. मग जय मरतो. राधा खिडकीचं दार लावून घेते. हे लग्न होऊ द्यायला हवं होतं, असं आजही वाटतं.

त्याच वर्षी ‘मिली’ आणि ‘चुपके चुपके’. मग कामं विरळ. मुलगी १९७४ ची, मुलगा १९७६ चा. ‘नौकर’ १९७९ मध्ये आला आणि पुन्हा एक फिल्मफेअर देऊन गेला. १९८१ मध्ये ‘सिलसिला’. त्यानंतर मुख्य भूमिका थांबल्या, त्या सतरा वर्षं. तेव्हा ती तेहेतीस वर्षांची होती.

ती वर्षं भोपाळसाठी कशी गेली, हे जगाला माहीत आहे. १९८२ मध्ये श्यामला हिल्सच्या उतारावर, मोठ्या तलावाकडे तोंड करून चार्ल्स कोरिया यांचं भारत भवन उभं राहिलं. ब. व. कारंत यांनी तिथल्या रंगमंडळात गावोगावच्या पोरांना नट केलं आणि आम्हाला वाटलं, आता या गावातून आणखी जया निघतील. दोनच वर्षांनी, २ डिसेंबर १९८४ च्या रात्री कारखान्यातून वायू सुटला. जुन्या शहराच्या ज्या गल्ल्यांतून सूरमाची भाषा निघाली होती, त्या गल्ल्यांतून माणसं रात्रभर पळत होती. त्यानंतर कितीतरी वर्षं आमच्या गावाचं नाव कुठल्याही चित्रपटाशी जोडून घ्यावंसं वाटलं नाही.

ती परतली १९९८ मध्ये, गोविंद निहलानींच्या ‘हजार चौरासी की माँ’तून. महाश्वेतादेवींची कादंबरी. सुजाताच्या लाडक्या मुलाचं प्रेत शवागारात आहे आणि त्याला नंबर आहे, एक हजार चौऱ्याऐंशी. तो नक्षलवादी होता हे आईला त्याच्या मरणानंतर कळतं. मग ती निघते, त्याला ओळखायला. त्याच्या मित्राच्या आईकडे जाते, त्याच्या मैत्रिणीकडे जाते. आणि संबंध चित्रपटभर करते काय? ऐकते. झोपडीतली ती दुसरी आई रडत बोलते, छळ सोसलेली नंदिनी कडवटपणे बोलते, आणि सुजाता, बँकेत नोकरी करणारी, सुखवस्तू घरातली, नीटनेटक्या साडीतली, हातातली पर्स घट्ट धरून एकेक शब्द आत घेते. आपण आपल्या मुलाला ऐकलंच नव्हतं, हे तिला दुसऱ्यांचं ऐकताना कळत जातं. पन्नाशीची जया तिथे पाहिली आणि ‘महानगर’ची बाणी आठवली. खाटेच्या कडेला बसून पाहणारे तेच डोळे, पण आता त्यांना पाहिल्याचा जाब द्यावा लागत होता.

नंतरची माहिती सगळ्यांना आहे. ‘फिज़ा’, ‘कभी खुशी कभी गम’, ‘कल हो ना हो’. १९९२ ची पद्मश्री. २००४ पासून राज्यसभा. २०२३ मध्ये ‘रॉकी और रानी की प्रेम कहानी’तली करारी आजी, जिच्या जरबेने अख्खं घर वाकतं. अलीकडे छायाचित्रकारांवर ती रागावते आणि लोक त्या चित्रफिती चवीने पाहतात. मला त्यात काही चवीचं वाटत नाही. जिने आयुष्यभर कॅमेऱ्यासमोर स्वतःला इतकं जपून, इतक्या मापाने उघडं केलं, तिला विमानतळाच्या दारात तोंडावर रोखलेला कॅमेरा सहन होत नसेल, तर ते मला समजतं.

मला त्या सतरा वर्षांचं वाटतं. त्याच काळात हिंदी आणि मराठी चित्रपटात तिशी ओलांडलेल्या बाईसाठी जागा झाली होती. ‘अर्थ’ आला. जब्बार पटेल यांचा ‘उंबरठा’ आला आणि स्मिता पाटीलने सुलभा महाजन अशी उभी केली की तिथे दुसऱ्या कुणाचा विचारही करवत नाही. पण असे आणखी कितीतरी उंबरठे होते. ‘कोशिश’ची आरती चाळिशीत कशी झाली असती? लग्नानंतरची मालती, दोन मुलांची आई, चाळीच्या त्याच खोलीत? उमा पुन्हा गायला लागल्यावर तिच्या घरात पुढे काय झालं? या बायका कुणी लिहिल्याच नाहीत, कारण त्या करणारी कामावर नव्हती. तिने वारंवार सांगितलं आहे की घर आणि मुलं निवडण्याचा निर्णय तिचा स्वतःचा होता, त्यात तिला आनंद होता. मी तिच्या शब्दावर विश्वास ठेवते.

माझी भाची परवा हे सगळं ऐकून वैतागली. ती इथेच नाटक करते, भारत भवनाच्या पायऱ्यांवर तालमी करत वाढली आहे. म्हणाली, “आत्या, तिने ठरवलं ना? मग तुला वाईट कशाचं वाटतं? बाईने काम सोडलं तरी तुम्ही रडता, नाही सोडलं तरी बोलता.”

मी म्हटलं, तिचं ठरवणं तिचं. त्याबद्दल माझी तक्रार नाही. पण मी प्रेक्षक आहे गं. मला ती आणखी बघायची होती.

भाचीने क्षणभर विचार केला आणि ‘सुमन’ कुठे पाहायला मिळेल, असं विचारलं. पुण्याच्या इन्स्टिट्यूटमध्ये चौकशी करू, मी म्हटलं. तिचा तिथला प्रवेशाचा अर्ज नाहीतरी भरायचाच आहे.